कौसल्येचा प्रोटॉन

कौसल्ये, तुझा प्रोटॉन प्रदर्शनाच्या टेबलावर राहणार की काचेच्या कपाटात जाणार, यावरून शाळेत माझी आणि मोठ्या बाईंची, म्हणजे हेडमिस्ट्रेसची, जुंपली. तू असती तर मला ऑफिसच्या बाहेरच थांबवलं असतं, म्हणाली असती, तुमी नका बोलू, तुमचं तोंड खराब. तू नाही म्हणून मला आत जावं लागलं.

हे लिहायलाही मोठ्या बाईंनीच लावलं. शाळेच्या वार्षिक अंकात वानखडे बाईंवर दोन शब्द पाहिजेत, म्हणाल्या. मी म्हटलं, मी चौथी नापास माणूस, मला खाटेचे पाये येतात, शब्द येत नाहीत. त्या म्हणाल्या, जसं बोलता तसं लिहा. हे त्यांनी तुझ्यासमोर म्हणून पाहायचं होतं. तुझा कायदा वेगळा होता. बोला कसंही, लिहायचं मात्र शाळेसारखं. लग्न झाल्यावर तू मला पाटी घेऊन बसवलं ते अक्षर नीट होईपर्यंत उठू दिलं नाही. तेव्हापासून मी एक बोलतो आणि एक लिहितो. चुका राहिल्या तर त्या तुझ्या.

तुझा जन्म, तुझ्या परीक्षा, नोकरी कोणत्या साली लागली, ते मोठ्या बाई लिहितील. त्यांच्याजवळ त्याचे कागद आहेत. माझ्याजवळ आपली भांडणं आहेत.

क्वार्क हा शब्द आपल्या घरात आला तेव्हा मी तान्ह्या पोळ्याच्या बैलांमध्ये गळ्यापर्यंत बुडालो होतो. मोठ्या पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी वऱ्हाडातलं प्रत्येक पोरगं लाकडी बैल ओढत निघतं, आणि त्याच्या आधीचा महिना माझ्यासारख्या खराद्याला, लाकूड कातणाऱ्याला, जेवायला फुरसत नसते. बैलांना शिंगं बसवून झाली होती, चाकं राहिली होती. तू कॉलेजमधलं कोणाचं तरी भाषण ऐकून आली आणि चपलेसकट भुशात उभी राहिली.

"अवो, ऐकता काय? प्रोटॉनच्या आत तीन हायेत."

"कोणाच्या घरात?"

"प्रोटॉनच्या. अणूच्या पोटात जो दाणा हाय, त्याच्या पोटात."

मी खराद थांबवला. कारण तो दाणा मीच बनवला होता. काही वर्षांपूर्वी तू माझ्याकडून अणूचे गोळे करून घेतले होते, लाखेनं रंगवून. मधे मोठे प्रोटॉन आणि न्यूट्रॉन, भोवती तारेवर मोहरीसारखे इलेक्ट्रॉन. तेव्हा मी विचारलं होतं, हे आत पोकळ ठेवू का, लाकूड कमी लागन. तू म्हणाली होती, नाही, भरीव करा, हा आखरीचा हाय, याच्यापुढं काही फुटत नाही. मी परतवाड्याच्या डेपोतलं चांगलं सागवान लावलं होतं त्याला.

"तूच तं म्हणे आखरीचा."

"तवा तसंच वाटत होतं सगळ्यायले."

"तुहं शास्त्र म्हंजे तुह्या भावासारखं. दर खेपेले नवीन सांगते आन् जुनं आठवत नाही."

भावाचं नाव काढलं की तू चिडायची, पण त्या दिवशी चिडली नाही. बैलाचं एक चाक उचललं, हातात फिरवत राहिली आणि सांगत सुटली. त्या तिघांना क्वार्क म्हणतात. मी विचारलं, हे नाव हाय का बदकाचा आवाज? तू म्हणाली, नाव सोडा. दोन वरचे आणि एक खालचा मिळून प्रोटॉन होतो. दोन खालचे आणि एक वरचा मिळून न्यूट्रॉन. वर-खाली म्हणजे खरंच वर आणि खाली नाही, ती नुसती नावं.

"आन् बाकीचं? हा बैल, मी, तू, गावातली मालटेकडी?"

"सगळं त्या दोघायचंच. भोवती इलेक्ट्रॉन, बस."

"आन् हा जो बाजूच्या म्हातारीचा खोकला हाय, तोही?"

"तोही. आन् आणखी एक जात हाय म्हणे, तिचं नावच विचित्र. पण ते आपल्यात नाही राहत."

"राहते ना. तेल्हाऱ्याले राहते."

तू मूठभर भुसा माझ्या डोक्यावर टाकला. तेल्हारा तुझं माहेर. ती चाकं त्या दिवशी पुरी झाली नाहीत.

मला ते पटलं नाही, आणि पटलं नाही हे मी लपवलं नाही. आपल्या घरात लपवायची रीतच नव्हती. तुला आठवतं, अकोल्याला तू ट्रेनिंगच्या होस्टेलात होती आणि मी तिथंच एका लाकूडवाल्याकडे खरादावर होतो? रविवारी मी होस्टेलच्या फाटकावर संत्री घेऊन यायचो. माझ्या कारखान्यातले लोक मला म्हणायचे, वानखडे, बायकोले शिकोतं आन् सोता पाये घासतं, उद्या ते तुले पायापाशी बसवन. मी ते जसंच्या तसं येऊन तुला सांगितलं. तू हसली नाही. म्हणाली, बसवीन, पाटी घेऊन. मग दोघंही फाटकाच्या दोन बाजूंनी संत्री सोलत हसलो. असा आपला संसार. मूल झालं नाही. त्याचं दुःख होतं, पण त्याच्यावर आपण कधी भांडलो नाही, म्हणून त्याच्याबद्दल मला लिहिताही येत नाही.

क्वार्कवर मात्र आपण पोळा उलटून गेला तरी भांडत होतो. मी म्हणायचो, कोणी पाहिला का? तू म्हणायची, नाही. कोणी एकटा काढून दाखवला का? नाही. लय कोशिश केली म्हणे, प्रोटॉन फोडाफोडी केली, एकटा निघतच नाही. मग मला चेव यायचा.

"निघत नाही, दिसत नाही, तरी हाय! असं तं आमची आजी मुंज्याबद्दल सांगे."

तू उठून दुकानाच्या कोपऱ्यात गेली, ओंडक्यांच्या ढिगातला एक लोळवत आणला.

"हे घ्या. याचा पाया काढा."

मी त्याच्यावर हातोडीचा दांडा मारून पाहिला. "नको. आत गाठ हाय."

"फाडून पाह्यलं काय?"

"फाडाले काहून पाहिजे? आवाज सांगते ना."

तू कमरेवर हात ठेवून उभी राहिली, वर्गात राहत असशील तशी. "बस. तसंच. त्या शास्त्रज्ञायनं प्रोटॉनवर इलेक्ट्रॉन मारून पाह्यले. भलत्या जोरानं. पुष्कळ सरळ गेले. काही असे उसळले जशी गाठीवर तुमची पटाशी उसळते. म्हंजे आत बारीक, टणक काही तरी हाय. फाडल्याबिगर समजलं."

मी ओंडक्यावर पुन्हा दांडा मारला. तुझा मुद्दा लागला होता, बरोबर बसला होता. पण मी खराद्याच्या जातीचा.

"बरं. गाठ हाय हे समजलं. पण आवाजावरून गाठी मोजता येत नाहीत. तीनच काहून? पाच काहून नाही?"

आणि तू म्हणाली, "ते अजून पक्कं नाही."

किती साधं म्हणाली. मास्तर लोकांच्या तोंडून मी आयुष्यात ते ऐकलं नव्हतं. आपल्या घरी हरेल त्यानं चहा करायचा असा नेम होता. त्या दिवशी कोणीच उठलं नाही. दोघंही बिनचहाचे बसून राहिलो, आणि दोघंही खूश होतो.

एकदा मात्र मी खरंच वैतागलो. तू म्हणाली होती की लाकूडसुद्धा आतून जवळजवळ रिकामंच असतं, अणूत जागाच जास्त. मी जन्मभर लाकूड धरून पोट भरलेला माणूस. बौद्ध धम्माची दीक्षा घेतली त्या साली तू देवघरातले देव फडक्यात बांधून नदीवर नेले. मी मागं मागं आलो, कारण त्या देवघराचे चार खांब माझ्या हातचे होते. म्हटलं, देव ने, खांब तरी दे. तू म्हणाली, ठेवा, स्टुलाले होतीन. झाले. त्याच स्टुलावर बसून तू पोरींचे पेपर तपासायची. पुढं तू म्हणाली, आत्मा असा काही नसतो. ते पण ऐकलं. आता लाकूड!

"पयले देव नेले. मंग आत्मा नेला. आता लाकूडही पोकळ. मंग उरते काय, बाई?"

तू पेपरातून मान वर केली नाही. "हे भांडण उरते."

मला तेव्हा हसू आलं होतं.

डिसेंबरच्या गॅदरिंगात विज्ञानाचं प्रदर्शन होतं. तुला त्यात असा प्रोटॉन पाहिजे होता की पोरींना आतले तिघं दिसले पाहिजेत, हलले पाहिजेत, पण काढता येऊ नयेत. मी दसऱ्यापर्यंत टाळलं, दसऱ्यानंतर पाळण्यांची गिऱ्हाइकं होती. तोवर तुझं पोट दुखायला लागलं होतं, आणि दिवाळीला आपण सरकारी दवाखान्यात होतो.

तिथं येण्याजाण्याच्या मधल्या वेळात मी तो केला. गोळा दोन वाट्यांसारखा कातला, पोखरला, चारी बाजूंनी फटी ठेवल्या. लहान तिघं वेगळे कातले, दोन लाल लाखेचे, एक हिरवा. आत टाकले, वाट्या सरसानं चिकटवल्या, पुन्हा खरादावर चढवून असा घासला की सांधा माझा मलाच सापडेना. टॉवेलात गुंडाळून तुझ्याकडे आणला. तू दोन्ही हातांनी धरून हलवला.

"खुळखुळा झाला की वो हा."

शेजारच्या खाटेवरची बाई, मोर्शीकडची, तिचे दिवस भरत आले होते, ती म्हणाली, "मास्तरीणबाई, मले द्या तो, माह्या पोराले होईन." सगळ्या हसल्या. तूही. मग तू अंगठ्याचं नख त्याच्यावरून फिरवत नेलं आणि एका ठिकाणी थांबली.

"इथं सांधा हाय."

"कोणाले दिसत नाही."

"मले लागला."

"पोरींले नाही लागणार. तुह्या नखाले काय, दाराची फटही लागते."

"लागण्याचं नाही म्हणून राहिली मी." तुला धाप लागत होती तरी तू उठून बसली. "हे तिघं तुमी मागून टाकले. ते कोणी मागून टाकलेले नाहीत. पयलेपासून आतच हायेत. सांधा ठेवला तं पोरगी म्हणन, उघडलं की निघतीन. तेच तं खोटं हाय."

"मंग कसा करू?"

"ते मी काय सांगू? कारागीर तुमी."

मी रागानं टॉवेल झटकला आणि नळावर पाणी आणायला गेलो. आलो तेव्हा तू झोपली होती, गोळा उशीजवळ ठेवून.

शेवटच्या दिवसांत माणसं काय काय बोलतात म्हणे. एकमेकांची माफी मागतात, वचनं घेतात. तुझं माझं शेवटचं धड बोलणं सरसाच्या सांध्यावर झालं. त्यानंतर तू पाणी मागितलं, खिडकी लावायला सांगितली, एकदा माझा हात उचलून पाहिला आणि म्हणाली, लाख निघत नाही काय नखातली? बस. मी म्हटलं, निघन. मला दुसरं काही बोलायचं होतं. काय ते मला तेव्हाही नीट माहीत नव्हतं. मी तुझ्यापेक्षा पुष्कळ मोठा, आधी जायचा नंबर माझा. त्यामुळं माझ्या मनात सगळी तयारी उलटी होती. मी नसताना तू कशी राहशील याचा विचार करून ठेवला होता, लाकडाच्या वखारीवाल्याला सांगून ठेवलं होतं की खराद विकला तर बाईला फसवू नको.

तू गेल्यावर बुद्धवंदना झाली, पांढऱ्या लुगड्यातल्या बायका आल्या, तेल्हाऱ्याची मावशी कोपऱ्यात हळूच विचारत होती की कावळ्याचं काही करायचं का. तुझ्या भावानंच तिला गप्प केलं. भाऊ मला म्हणाला, "भाऊजी, माह्यासंगं अकोल्याले चला आता. इथं कोणाशी बोलान?" चांगला आहे तो. त्याला मी जे जे बोललो ते परत घेत नाही, पण चांगला आहे. मी म्हटलं, एक काम राहिलं हाय.

तुझ्यानंतर दुकान उघडलं तेव्हा मला तुझा राग आला. काहून येऊ नये? खाटेचे पाये करणारा माणूस मी, पाये करत सुखानं मेलो असतो. तू मला अक्षर शिकवलं, पेपर वाचायला लावला, अणूचं पोट दाखवलं, मनात सवाल घालायची खोड लावली आणि मग उठून गेली. आता ही खोड घेऊन मी कोणाच्या दारात जाऊ? वखारीवाला म्हणतो हळदूचं लाकूड घ्या, मी हळदूवर हातोडी मारतो आणि गप्प उभा राहतो. त्याला वाटतं भाव करून राहिलो.

हळदू घेतलं. सागवान चिरतं, हळदूचा रवा बारीक, ते सुरीखाली लोण्यासारखं चालतं. सांधा नको म्हणाली होती, म्हणजे एकाच लाकडातून काढणं आलं. बाहेरचा गोळाही त्याच लाकडाचा, आतले तिघंही त्याच लाकडाचे. बाहेरून उभ्या फटी पाडायच्या, त्या फटींतून अरुंद पटाशी घालून आतला गाभा कोरायचा, कोरता कोरता त्याचे तीन दाणे करायचे, आणि शेवटी एकेकाची बाकीच्याला जोडून उरलेली शीर तोडायची. पहिल्याची दोन फटींमधली पट्टी तुटली. दुसऱ्यात गाठ निघाली. ठोकून पाहिलं होतं मी, आवाज साफ होता, तरी निघाली. हा तुझ्याविरुद्धचा फार मोठा मुद्दा होता, कौसल्ये. असा मुद्दा हातात आणि समोर कोणी नाही. मी तो लाकडाचा तुकडा घेऊन स्वयंपाकघराच्या दारापर्यंत गेलो आणि परत आलो.

पुढचा साधला. शेवटची शीर तुटली तेव्हा तिसरा दाणा टक करून खाली बसला. फटींतून काडीनं रंग दिला, दोन लाल, एक हिरवा. गोल मात्र जमला नाही, जांभळासारखा लांबट झाला. पण सांधा नाही. नख लावून पाहा कुठंही.

आता मोठ्या बाईंचं सांगतो. हे त्या वाचतील. वाचू दे. बाई मनानं चांगल्या, दवाखान्यात तुझ्यासाठी दोनदा मोसंबीचा रस घेऊन आल्या होत्या. त्यांनी प्रोटॉन हातात घेतला, फटींतून पाहिलं, डोळ्यांत पाणी आलं त्यांच्या. मग म्हणाल्या, "हा लांबट कसा? प्रोटॉन लांबट असतो का?"

"बाई, कोणी पाह्यला?"

त्या हसल्या. खुर्ची दिली. मग हळूहळू मुद्द्यावर आल्या. "वानखडे, पुस्तकात प्रोटॉन हा शेवटचा कण आहे. मुलींची परीक्षा त्या पुस्तकावर आहे. एखाद्या मुलीनं पेपरात प्रोटॉनमध्ये तीन असतात असं लिहिलं तर मार्क जातील, आणि पालक मला विचारतील. शिवाय प्रदर्शनाला तपासणीचे साहेब येणार आहेत. आपण असं करू. हा बाईंची आठवण म्हणून ऑफिसातल्या काचेच्या कपाटात ठेवू. खाली त्यांचं नाव लिहू. कायम राहील. टेबलावर त्यांचे जुने गोळे मांडू, ते उत्तमच आहेत."

जुने गोळे. माझे भरीव सागवानी गोळे. आखरीचे. तू गेल्याबरोबर मी जिंकलो होतो, कौसल्ये. नुसतं बरं म्हणायचं होतं.

"कपाटात ठेवाले नाही केला तो," मी म्हणालो.

"अहो, मान म्हणूनच ठेवतोय ना."

"कपाटातल्या ढाली कोणी हलवून पाहते काय? हा हलवाले केला हाय. पोरींच्या हातात जाऊ द्या."

बाईंनी चष्मा काढला. "एक विचारते. तुम्हाला स्वतःला हे पटतं का?"

हो म्हटलं असतं तर काम झालं असतं. पण तुझ्यासाठी खोटं बोललो असतो तर तूच आधी नख लावलं असतं. म्हटलं, "नाही पटत."

"मग भांडता कशाला?"

"मले पटत नाही हे तिले मालूम होतं. तरी रोज सांगे. पण हे मानाच, असं एकडाव म्हणाली नाही. म्हणे, ठोकून पाहा. मी आडवं विचारलं तं म्हणे, हे अजून पक्कं नाही. बाई, तुमच्या अख्ख्या पुस्तकात हे अजून पक्कं नाही असं एका तरी पानावर हाय काय? पोरींले दोन्ही सांगा. पुस्तकात हे हाय आन् जगात ते चालू हाय. पोरी काही मरत नाहीत त्यानं."

मरत नाहीत म्हणालो आणि टेबलावरचा प्रोटॉन उगाच पुसायला लागलो. बाईही खिडकीकडे पाहत राहिल्या. बाहेर कोणत्या तरी वर्गात पाढे चालू होते.

"समजावणार कोण?" शेवटी त्या म्हणाल्या. "आमच्यात कोणाला हे येत नाही. मलाही नाही."

"मी उभा राहतो."

"तुम्ही?"

"मले पाठ हाय. इतके दिवस खिलाफ बोललो, फुकट काय?"

त्यांनी स्वतःच्या हातानं पुठ्ठ्यावर लिहिलं. काही शास्त्रज्ञांचा असा तर्क आहे. अद्याप एकटा सापडलेला नाही. मग थोडा विचार करून खाली जोडलं, परीक्षेसाठी नाही.

तुझ्या टेबलामागे मी धुतलेलं धोतर नेसून, टोपी घालून उभा राहिलो. आधी प्रोटॉन नुसता इकडून तिकडं सरकवत राहिलो. मग एका पोरीनं विचारलं, काका, हे कशाचं आहे, आणि मी बोलायला लागलो तो तुझ्या आवाजातच बोलायला लागलो. दोन वरचे, एक खालचा. वर-खाली ही नुसती नावं. टेबलावर ठोकून दाखवलं, गाठीचं सांगितलं. एकीनं डोक्यातली पिन काढून एकाला उकरून पाहिलं. मी म्हटलं, "सगळ्या जगाच्यानं नाही निघाला पोरी, तुह्या पिनेनं काय निघन." हसत सुटल्या. तपासणीचे साहेब आले, पुठ्ठा वाचला, तर्क काय, असं म्हणाले आणि शिवणकामाच्या टेबलाकडे गेले. मोठ्या बाईंनी माझ्याकडे पाहून हुश्श केलं.

कौसल्ये, तू तिथं असायला पाहिजे होती. तो हातोहात फिरत होता, दूर दूरच्या टेबलांपर्यंत त्याचा आवाज येत होता, आणि ज्या ज्या पोरीकडे तो जाई ती आधी कानाशी नेई. मला किती बरं वाटलं ते मी सांगू शकत नाही. मला अजून पटलेलं नाही, हे पण खरं.

गर्दी ओसरल्यावर एक पोरगी उरली. सावळी, दोन घट्ट वेण्या, पुठ्ठा पुन्हा वाचत उभी होती. तिनं प्रोटॉन घेतला, हलवला नाही, नुसता बाहेरून बोट फिरवून पाहिला. म्हणाली, "काका, खऱ्या प्रोटॉनले असा पिंजरा असते काय?"

"नाही. हे तुमाले समजाले केलं."

"मंग पिंजरा नसन तं यायले धरून कोण ठेवते?"

पोळ्यापासून आपण भांडत होतो. पाहिला का, काढला का, तीन का, पाच काहून नाही. हा सवाल मला एकदाही सुचला नव्हता. किती सरळ होता. मला एकदम आनंद झाला, असा की आता तुला पकडतोच. आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "थांब पोरी, घरी विचारून सांगतो."

ती "बरं" म्हणाली. तिच्या मागं मोठ्या बाई उभ्या होत्या. त्यांनी मान फिरवली.

मी घरी आलो. तं आता विचारून राहिलो, कौसल्ये. पिंजरा नाही, तं त्या तिघायले धरून कोण ठेवते?